जन्मदाखल्याची प्रत मिळत नाही? नोंद कुठे अडली आहे ते असं शोधा

आधी लक्षणं

तालुक्याच्या गावी मी सेवा केंद्र चालवते. जन्मदाखल्यासाठी हेलपाटे घालून दमलेली माणसं रोज येतात, आणि गाऱ्हाणी थोड्याफार फरकाने हीच असतात. तुमचं यातलं कोणतं ते आधी ओळखा.

- खिडकीवर "नोंद सापडत नाही" एवढं तोंडी सांगून परत पाठवलं.
- नोंद सापडली, पण बाळाच्या नावाचा रकाना कोरा आहे. आईवडिलांची नावं, तारीख आणि "स्त्री" किंवा "पुरुष", एवढंच.
- दाखला हातात आला, पण नाव, आडनाव, आईचं नाव किंवा तारीख चुकलेली आहे.
- घरात जुना हाताने लिहिलेला दाखला आहे, पण परदेशी शिक्षणाच्या किंवा व्हिसाच्या कामाला तो घेत नाहीत.
- जन्मदाखल्यावर तारीख एक आणि शाळेच्या दाखल्यावर १ जून.
- जन्म १९७० च्या आधीचा आहे आणि ग्रामपंचायत म्हणते, आमच्याकडे इतकं जुनं काही नाही.

शेवटचं सोडलं, तर यातल्या बहुतेकांची नोंद जागेवर असते. ती भलत्या कार्यालयात, भलत्या सालात किंवा भलत्या नावाने शोधलेली असते. दाखला म्हणजे नोंदवहीतल्या एका ओळीचा उतारा. ती ओळ कोणत्या कार्यालयातल्या कोणत्या वहीत आहे हे कळलं की पुढचं काम सरळ आहे, आणि ते कळल्याशिवाय केलेला खर्च वाया जातो. म्हणून खालचा क्रम मोडू नका. वरच्या तपासण्या फुकटात होतात. खाली जाल तसे पैसे आणि महिने लागतात.

१. समोरच्याला नेमका कोणता कागद हवा आहे?

"जन्माची प्रमाणित प्रत आणा" या एका वाक्यात दोन वेगळे कागद असतात. एक म्हणजे जन्म प्रमाणपत्र, नमुना ५. निबंधकाच्या, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंद ठेवणाऱ्या अधिकाऱ्याच्या, सही-शिक्क्याचं किंवा डिजिटल सहीचं. शाळा, पासपोर्ट, बँक यांना हेच लागतं. दुसरा म्हणजे मूळ रजिस्टरच्या पानाची साक्षांकित प्रत, म्हणजे नक्कल. कोर्टाच्या कामात, वारसाच्या वादात किंवा जात पडताळणीत पानच बघायचं असतं, कारण त्यावर नोंदणीची तारीख, माहिती देणाऱ्याचं नाव, शेरा, खाडाखोड सगळं दिसतं.

तिसरी प्रत म्हणजे झेरॉक्सवर राजपत्रित अधिकाऱ्याची सही घेतलेली. ती या दोन्हींपैकी काहीच नाही. कुणी "सर्टिफाइड कॉपी" मागितली आणि तुम्ही ही नेली, तर तुम्हाला परत पाठवणार. मागणाऱ्याकडून कागदाचं नाव लिहून घ्या, मग घराबाहेर पडा.

२. घरातली ट्रंक

जुना दाखला फाटका असला तरी तो सोन्यासारखा जपा. त्यावरच्या तीन गोष्टी वहीत उतरवून घ्या: नोंदणी क्रमांक, नोंदणी दिनांक, नोंदणीचं ठिकाण. एवढ्यावर नवी प्रत निघते. क्रमांक एकटा मात्र उपयोगाचा नाही. तो दर वर्षी जानेवारीत पुन्हा एकपासून सुरू होतो, त्यामुळे "नोंद क्र. ११२" म्हणजे कोणत्या सालातली, हे सांगावंच लागतं.

दाखला नसेल तर दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड, लसीकरणाचं कार्ड, बाळंतपणाचं बिल शोधा. जन्मपत्रिका किंवा बारशाची पत्रिकाही काढून ठेवा. पत्रिकेला कायदेशीर पुरावा म्हणून फारसं वजन नाही, पण शोधायची तारीख आणि गाव नक्की करायला तिचा फार उपयोग होतो. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला "जन्म कधी झाला" असं विचारू नका. "बाळंतपण कुठे झालं, कोण सोबत होतं, दवाखाना कुठल्या रस्त्याला होता" असं विचारा. उत्तरं बरोबर येतात.

३. कार्यालय बरोबर आहे का?

सगळ्यात जास्त नोंदी इथेच "हरवतात". जन्माची नोंद जिथे जन्म झाला तिथल्या निबंधकाकडे होते. आईवडील राहतात कुठे, रेशनकार्ड कुठलं, शाळा कुठली, याचा तिच्याशी संबंध नाही. आणि आपल्याकडे पहिलं बाळंतपण माहेरी. मुलगा साताऱ्यात वाढला, आडनाव साताऱ्याचं, पण जन्म आजोळी, बार्शीच्या सूतिकागृहात. सातारा नगरपालिकेने वर्षभर शोधलं तरी नोंद तिथे निघणार नाही. म्हणून मी पहिला प्रश्न नेहमी आईचं माहेर कुठलं हाच विचारते.

दुसरी भानगड हद्दीची. गावात नोंद ग्रामसेवकाकडे होते, त्यांना आता ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात. शहरात नगरपालिका किंवा महापालिकेच्या जन्म-मृत्यू विभागाकडे. पण हद्द बदलत राहते. पुणे महापालिकेत २०१७ साली ११ गावं आली, २०२१ मध्ये आणखी २३. नवी मुंबई महापालिका १९९२ ची. त्याच्या आधी तिथे जन्मलेल्यांची नोंद त्या वेळच्या कार्यालयात झालेली आहे. आज दवाखाना महापालिकेत दिसतो म्हणून महापालिकेत जायचं, हे बरोबर नाही. जन्माच्या दिवशी ती जागा कुणाच्या हद्दीत होती ते बघा, आणि मग त्या कार्यालयाचं दप्तर आता कुणाकडे गेलं ते विचारा. गाव शहरात गेलं की ग्रामपंचायतीच्या वह्या बहुधा महापालिकेच्या क्षेत्रीय कार्यालयात जातात, पण काही ठिकाणी त्या कपाटात तशाच पडून राहतात.

जिल्हेही फुटले. सिंधुदुर्ग आणि जालना १९८१ चे, लातूर आणि गडचिरोली १९८२ चे, नंदुरबार आणि वाशिम १९९८ चे, हिंगोली आणि गोंदिया १९९९ चे, पालघर २०१४ चा. ग्रामपंचायतीच्या नोंदीला याने फरक पडत नाही, कारण गाव तेच असतं. पण ऑनलाइन अर्जात जिल्हा चुकीचा निवडला तर शोध रिकामा येतो. आणि तालुक्याच्या जुन्या दप्तरासाठी कुठल्या तहसीलमध्ये जायचं, हेही त्यावरच ठरतं.

तिसरी गोष्ट, एकाच शहरात दोन निबंधक असू शकतात. छावणी परिषदेची, म्हणजे लष्करी छावणीच्या भागाचा कारभार बघणाऱ्या संस्थेची, हद्द वेगळी, तिचं रजिस्टर वेगळं. पुण्यात, देवळालीत, अहिल्यानगरात जन्मलेल्यांनी हे लक्षात ठेवा.

४. साल आणि महिना

वही लावलेली असते नोंदणीच्या तारखेने. जन्माच्या तारखेने नाही. २९ डिसेंबरला जन्मलेल्या बाळाची नोंद पुढच्या सालच्या जानेवारीत सापडते. जन्म-मृत्यू नोंदणीच्या कायद्याने जन्माची खबर द्यायला २१ दिवसांची मुदत आहे, त्यामुळे महिनाअखेरचा जन्म पुढच्या महिन्यात लिहिला जाणं हे नेहमीचंच. घरी झालेल्या जन्माची खबर कुणी तरी उशिरा दिली असेल तर आणखी पुढे. अर्जात "जन्मतारखेपासून पुढे बारा महिन्यांचा शोध घ्यावा" असं स्पष्ट लिहा. शोधाची फी वर्षाप्रमाणे असते आणि ती किरकोळ आहे. ती वाचवायला जाऊ नका.

१ जूनचं प्रकरण इथेच येतं. पूर्वी शाळेत नाव घालताना दाखला नसला की गुरुजी जून महिन्याची पहिली तारीख लावून टाकत, शाळा सुरू होण्याच्या वेळी वय बसावं म्हणून. एकेका वर्गात निम्म्या मुलांचा वाढदिवस १ जून. तुमच्या शाळेच्या दाखल्यावर ती तारीख असेल तर तिच्या आधारे जन्माची नोंद शोधू नका. सालातही एक-दोन वर्षांचा फरक पडलेला असतो. मोठ्या आणि धाकट्या भावंडाच्या नोंदी आधी काढा, म्हणजे तुमची कोणत्या दोन तारखांच्या मध्ये असणार हे नक्की होतं. ही युक्ती मला फार वेळा कामाला आली आहे.

५. नाव कोणतं सांगताय?

दवाखाना नोंद पाठवतो ती बारशाच्या आधी. त्यामुळे बाळाच्या नावाने शोधलं की काही मिळत नाही. वडिलांच्या नावाने शोधायला सांगा, नंतर आईच्या. आईचं नाव सासरचं, माहेरचं, दोन्ही सांगा. माहेरी बाळंतपण झालं आणि माहिती आजोबांनी दिली असेल तर त्यांच्या तोंडी मुलीचं माहेरचंच नाव असतं. सखूबाई की शकुंतला, हेही विचारून घ्या.

वडिलांच्या बाबतीत आडनावाचा घोळ असतो. गावात "पाटील" म्हणून ओळखलं जाणारं घर कागदावर जाधव किंवा मोरे असतं, किंवा उलट. रामचंद्रचा रामभाऊ, ज्ञानेश्वरचा ज्ञानदेव. हाताने लिहिलेल्या वहीत घाटगे आणि धाटगे, मालती आणि भालती सारखेच दिसतात, आणि वही संगणकात भरणाऱ्याने जे वाचलं ते भरलं. इंग्रजीत तर विचारूच नका. ज्ञानेश्वर हे नाव "डी" ने सुरू होतं, "जी" ने होतं, काही ठिकाणी "जे" नेही. संगणकात एक अक्षर वेगळं असलं की शोध कोरा येतो, आणि खिडकीवरचा माणूस प्रामाणिकपणेच सांगतो की नोंद नाही.

६. संगणक बाजूला ठेवून मूळ रजिस्टर

वरच्या सगळ्या तपासण्या करूनही "नाही" आलं, तर कार्यालयाने नेमकं काय पाहिलं ते विचारा. निम्म्या वेळा फक्त संगणकात शोधलेलं असतं. केंद्र सरकारच्या सीआरएस या जन्म-मृत्यू नोंदणीच्या संगणक प्रणालीत अलीकडच्या नोंदी थेट होतात, पण जुन्या वह्या सगळीकडे पूर्ण भरल्या गेलेल्या नाहीत. सालच्या साल राहून गेलेली असतात.

विनंती नम्रपणे पण नेमकी करा: "अमुक साल ते तमुक साल, मूळ रजिस्टरवरून शोध घ्यावा." जमलं तर स्वतः समोर बसा. जुनं रजिस्टर लांबट, कापडी बांधणीचं. पानांच्या कडा चुरगळलेल्या, शाई तपकिरी पडलेली. डावीकडे नोंद क्रमांक, मग तारखा, मग नावं, शेवटी शेऱ्याचा रकाना. बोट क्रमांकावरून खाली न्या आणि क्रमांक सलग आहेत का ते बघा. ४१ नंतर एकदम ४४ आला तर पान निसटलं आहे किंवा चिकटलं आहे. तारखेच्या रकान्यात १ आणि ९ नीट बघा, ४ आणि ५ सुद्धा. हाताच्या लिखाणात हेच आकडे फसवतात. एका बाईंची नोंद संगणकात १९ तारखेला होती, वहीत ११. वही आणि संगणक वेगळे असतील तर वही खरी मानली जाते, आणि दुरुस्ती संगणकातल्या नोंदीत व्हायला हवी. ही चूक कार्यालयाची आहे, त्यासाठी तुमच्याकडून प्रतिज्ञापत्र मागायचं कारण नाही. वहीच्या पानाची साक्षांकित प्रत जोडून अर्ज करा.

साधारण २००० सालच्या नियमांपासून पद्धत बदलली. माहिती देणारा जो नमुना १ भरतो, त्याचा कायदेशीर भागच बांधून रजिस्टर होतं. म्हणजे दवाखान्यातल्या नर्सने किंवा नातेवाइकाने फॉर्मवर जे लिहिलं, तीच नोंद. या काळातल्या जन्मांसाठी दवाखान्यातही चौकशी करा. दवाखान्यातल्या जन्माची खबर देण्याची जबाबदारी कायद्याने दवाखान्याच्या प्रमुखावर आहे, घरच्यांवर नाही. त्यांच्याकडे बाळंतपणाचं रजिस्टर असतं, आणि कोणत्या तारखेला कोणत्या कार्यालयाला खबर पाठवली याची नोंद असते. ती तारीख मिळाली की शोध एका महिन्यावर येतो.

"वही भिजली, वाळवीने खाल्ली, नष्ट केली" असं उत्तर मिळालं तर तेवढ्यावर उठू नका. जन्माचं रजिस्टर कायमस्वरूपी जपायचं दप्तर आहे, ते मुदत संपली म्हणून नष्ट करता येत नाही. जे काही झालं असेल ते लेखी मागा.

७. तोंडी बोलणं बंद, लेखी अर्ज सुरू

इथून पुढे प्रत्येक गोष्ट कागदावर. अर्जात जन्माचं ठिकाण, अंदाजे तारीख, शोधायची सालं, आईवडिलांची सगळी नावं, आणि कोणता कागद हवा तो लिहा. पोच घ्या. ही पोच तुम्हाला हक्क देते. जन्मदाखला महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवांमध्ये आहे. कार्यालयाच्या फलकावर मुदत, फी आणि पदनिर्देशित अधिकाऱ्याचं नाव लावलेलं असायला हवं. मुदत उलटली किंवा अर्ज फेटाळला तर ३० दिवसांत पहिलं अपील, मग दुसरं, आणि तिसरं राज्य सेवा हक्क आयोगाकडे. "आपले सरकार" पोर्टलवरून किंवा सेवा केंद्रातून अर्ज केला तर पावतीचा क्रमांक आपोआप मिळतो, म्हणून मी तोच रस्ता सुचवते.

माझा अनुभव असा, की अपिलापर्यंत जाणारी प्रकरणं थोडी. पोचीची झेरॉक्स आणि फलकावरच्या मुदतीचा फोटो घेऊन माणूस शांतपणे परत गेला की वही कपाटातून निघते.

ऑनलाइन अर्ज करताना एवढं बघा, की संकेतस्थळाच्या पत्त्याचा शेवट "गव्ह डॉट इन" असाच आहे. सरकारी पोर्टलसारखी हुबेहूब दिसणारी खोटी पोर्टलं चालतात. तिथून मिळणाऱ्या दाखल्यावर क्यूआर कोडही असतो, फक्त तो स्कॅन केला की दुसऱ्याच ठिकाणी जातो. अशा दाखल्यावर पासपोर्ट काढायला गेलेला माणूस फौजदारी गुन्ह्यात अडकू शकतो.

८. नोंद आहे, नाव कोरं आहे

हे सगळ्यात सोपं दुखणं. लोक घाबरतात मात्र सगळ्यात जास्त. नाव नसलेली नोंद पूर्ण वैध असते. जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या कलम १४ नुसार नोंदणीपासून बारा महिन्यांत नाव विनाशुल्क भरता येतं, त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क देऊन. पंधरा वर्षं उलटून गेलेल्यांसाठी महाराष्ट्र सरकारने वेळोवेळी वाढीव मुदत दिली आहे, तेव्हा अर्जाच्या दिवशी ती चालू आहे का हे निबंधकाकडे विचारा.

आईवडिलांचा अर्ज, त्यांची ओळखपत्रं, मुलाच्या नावाचा शाळेतला किंवा लसीकरणाचा पुरावा. सज्ञान माणूस स्वतः अर्ज करू शकतो.

एक गोष्ट जीव तोडून सांगते. नाव भरताना घाई करू नका. एकदा भरलेलं नाव नंतर हौसेखातर बदलत नाहीत. "चिनू" किंवा "बाळा" भरून नंतर रडत आलेले पालक मी पाहिले आहेत. नाव, वडिलांचं नाव, आडनाव असं पूर्ण लिहा, मराठीत आणि इंग्रजीतही, आणि इंग्रजी स्पेलिंग आईवडिलांच्या पासपोर्टवर किंवा आधारवर आहे तसंच ठेवा. नुसतं "आरव" असेल तर परदेशी वकिलातीत आडनावाच्या रकान्यावरून वाद होतो.

९. नोंद आहे, चूक आहे

आधी ठरवा, चूक कुठल्या जातीची. अक्षराची चूक (शिंदेचं शिदे, सुनीताचं सुनिता) ही लेखनिक चूक, ती निबंधक आपल्या अधिकारात दुरुस्त करू शकतो. तपशिलाची चूक, म्हणजे तारीख, लिंग, आईवडिलांचं नाव, यासाठी पुरावा आणि वस्तुस्थिती माहीत असलेल्या दोन विश्वासू व्यक्तींचं निवेदन लागतं, आणि वरिष्ठांकडे अहवाल जातो. दोन्ही प्रकारांत मूळ ओळ खोडत नाहीत. कलम १५ प्रमाणे समासात शेरा लिहून, सही आणि तारीख टाकून दुरुस्ती होते. कुणी पांढरी शाई लावून "करून देतो" म्हटलं तर सरळ उठून या. ती खाडाखोड पुढे तुमच्याच गळ्यात येते.

पुराव्यात जन्माच्या जवळच्या काळातला कागद मोलाचा. दवाखान्याचं रजिस्टर, पहिल्या शाळेचा प्रवेश निर्गम उतारा, भावंडांचे दाखले. काल काढलेलं आधार कार्ड इथे फार काही सिद्ध करत नाही, कारण ते तुम्ही सांगितलेल्या माहितीवरच निघालेलं असतं. आणि राजपत्रात छापून नाव बदललं असेल तर ती "चूक" नाही. जन्माच्या वेळी जे नाव होतं ते बरोबरच होतं. अशा वेळी जन्मदाखला तसाच ठेवून सोबत राजपत्राची प्रत जोडायची.

निबंधकाने दुरुस्ती नाकारली तर लेखी आदेश मागा. कायद्यात २०२३ साली झालेल्या दुरुस्तीने त्याविरुद्ध ३० दिवसांत जिल्हा निबंधकाकडे अपील करता येतं.

१०. जन्म १९७० च्या आधीचा

जन्म-मृत्यू नोंदणीचा केंद्रीय कायदा १९६९ चा, महाराष्ट्रात तो १ एप्रिल १९७० पासून लागू झाला. त्याआधी गावात नोंदी पोलीस पाटलाकडे आणि महसूल खात्याकडे असत. गाव नमुना १४ म्हणजे जन्म-मृत्यूचं रजिस्टर, विदर्भात लोक त्याला कोतवाल बुक म्हणतात. ही दप्तरं आता बहुतेक तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात आहेत, म्हणून ग्रामपंचायतीचं "आमच्याकडे नाही" हे उत्तर खरंच असतं. तिथे नकलेचा अर्ज करायचा, कोर्ट फी स्टॅम्प लावून. गावाचं नाव, साल आणि वडिलांचं नाव द्या. जुनी पानं मोडी लिपीत असतात, मराठवाड्यात निजाम काळातली उर्दूतही. कुणबी नोंदींचा शोध २०२३ पासून मोठ्या प्रमाणावर झाला तेव्हा यातली बरीच पानं स्कॅन होऊन जिल्ह्यांच्या संकेतस्थळांवर आली आहेत. तहसीलला जाण्याआधी घरबसल्या तिथे बघा, हेलपाटा वाचेल.

या नोंदींत बाळाचं नाव क्वचितच असतं. "अमक्यास मुलगा झाला" एवढंच असतं. नाव नंतर भरण्याऐवजी शाळेचा उतारा आणि ही नक्कल एकत्र वापरतात. बऱ्याच कामांना ते पुरतं.

११. नोंद झालेलीच नाही

वरचं सगळं करून झाल्यावरच इथे या. आधी निबंधकाकडून नमुना १० म्हणजे अनुपलब्धता प्रमाणपत्र घ्या. त्यात कोणत्या सालापासून कोणत्या सालापर्यंत शोध घेतला हे लिहिलेलं असतं, ते जन्माच्या सालाला पुरेसं आहे ना ते वाचा. मग उशिराची नोंद. २१ ते ३० दिवसांत असाल तर विलंब शुल्क. ३० दिवस ते एक वर्ष, तर जिल्हा निबंधकाची लेखी परवानगी. एका वर्षाच्या पुढे गेलं, तर २०२३ च्या दुरुस्तीपासून जिल्हाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेले कार्यकारी दंडाधिकारी यांचा आदेश लागतो. पूर्वी हे काम प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे होतं, त्यामुळे जुने लोक अजून कोर्टात जायला सांगतात.

महाराष्ट्रात बोगस दाखल्यांची प्रकरणं उघडकीला आल्यावर २०२५ च्या सुरुवातीला सरकारने हे आदेश काही काळ थांबवले आणि मार्च २०२५ मध्ये कडक कार्यपद्धती घालून दिली. आता पोलीस चौकशी होते, जाहीर सूचना निघते, कागद तपासले जातात. नुसत्या आधार कार्डावर आदेश मिळत नाही. वेळ लागतो, तो लागू द्या. आदेशावर सही करणाऱ्या अधिकाऱ्याला तो अधिकार दिलेला आहे ना, हे पदनामासकट तपासा. अधिकार नसलेल्याच्या आदेशावर निघालेला दाखला पुढे रद्द होतो आणि माणूस पुन्हा शून्यावर येतो.

१ ऑक्टोबर २०२३ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या आईवडिलांनी तर अजिबात हयगय करू नये. त्या तारखेपासून जन्मलेल्यांना शाळा प्रवेश, वाहन परवाना, मतदार यादी, पासपोर्ट अशा कामांत जन्मतारखेसाठी जन्मदाखलाच लागणार आहे. दुसरा कागद चालणार नाही.

दाखला हातात आल्यावर, खिडकी सोडण्याआधी

सगळी नावं मराठी आणि इंग्रजी दोन्हीत मोठ्याने वाचा. तारीख अंकात आणि अक्षरात जुळते का ते बघा. नोंदणी क्रमांक, नोंदणी दिनांक, क्यूआर कोड. कोड तिथेच मोबाइलने स्कॅन करा. तीन-चार प्रती एकदमच घ्या, फी मामुली आहे. परदेशात वापरायचा असेल तर जुना हस्तलिखित दाखला लॅमिनेट करून पाठवू नका. ताजी प्रत काढा, कारण अपोस्टिलच्या, म्हणजे कागद परदेशात चालावा म्हणून लागणाऱ्या सरकारी शिक्क्याच्या, आधी राज्य पातळीवर निबंधकाची सही पडताळतात, आणि पंचवीस वर्षांपूर्वीच्या निबंधकाची सही पडताळायला कुणी उरलेलं नसतं.

इथे थांबा आणि वकिलाकडे जा

पुढच्या गोष्टी घरच्या घरी किंवा सेवा केंद्रातून सुटत नाहीत, आणि मीही अशी कामं हातात घेत नाही. आईवडिलांच्या नावावरून वाद असेल, किंवा घटस्फोटानंतर एका पालकाचं नाव काढायचं असेल. मूल दत्तक असेल. तिथे दत्तक आदेशावरून नवा दाखला निघतो आणि त्याची वाट वेगळी आहे. एकाच माणसाच्या दोन ठिकाणी दोन नोंदी निघाल्या असतील. त्यातली एक रद्द करावी लागते, आणि कुठली ठेवायची हे पासपोर्ट, नोकरी, वारसा सगळं बघून ठरवावं लागतं. जन्मतारीख बदलल्याने निवृत्तीचं वय किंवा निवडणुकीची पात्रता बदलत असेल. जन्म परदेशातला असेल. तिथे भारतीय वकिलातीतली नोंद बघावी लागते. दंडाधिकाऱ्यांनी आदेश नाकारला असेल. किंवा कुणी तुमच्या नावाने आधीच खोटा दाखला काढलेला निघाला असेल. तिथे आधी पोलीस तक्रार, मग बाकीचं.

वकिलाकडे जाताना अनुपलब्धता प्रमाणपत्र, प्रत्येक अर्जाची पोच, रजिस्टरच्या पानाची साक्षांकित प्रत, दवाखान्याचा आणि पहिल्या शाळेचा उतारा, भावंडांचे दाखले असं सगळं तारखेच्या क्रमाने लावून न्या. आणि पाच हजारांत दोन दिवसांत दाखला आणून देतो म्हणणारा जो माणूस कार्यालयाच्या बाहेर टपरीवर उभा असतो, त्याच्याकडे या फाइलची झेरॉक्ससुद्धा देऊ नका.